दत्तारामची लढाई

सुमती एक पुस्तक वाचून रडली आणि ते पुस्तक माझं नव्हतं, तिथून हे सगळं सुरू झालं. एका निवृत्त कर्नलाच्या लढाईच्या आठवणी होत्या त्या. तिनं वाचनालयातून आणल्या होत्या, पण त्याआधी चार महिने आमच्या गिरगावातल्या छापखान्यात त्यांची प्रुफं मीच तपासली होती. कर्नलसाहेबांना ऱ्हस्व-दीर्घ येत नव्हतं, वाक्य कुठे थांबवायचं ते कळत नव्हतं, आणि त्यांच्या ज्या प्रसंगावर लोक जीव टाकत होते त्यातली तीन वाक्यं चक्क माझी होती. सुमती स्वयंपाकघराच्या उंबऱ्यावर बसून पदरानं डोळे पुसत होती.

"यात रडण्यासारखं काय आहे एवढं?" मी विचारलं.

"त्यांनी सोसलंय हो. नुसतं लिहिलेलं नाही," ती म्हणाली आणि परत पुस्तकात डोकं घातलं.

जळलो मी. उगाच आडपडदा कशाला? माझे दोन कथासंग्रह कपाटावर धूळ खात पडले होते, ते वाचताना तिनं दाबलेल्या जांभया मी पाहिल्या होत्या, आणि खरं सांगायचं तर त्यात तिचा काही दोष नव्हता. माझ्या आयुष्यात घडलं होतं काय? पाठारे प्रभूंच्या घरातला जन्म, वडील हेडक्लार्क, गिरगावातच शाळा, गिरगावातच नोकरी, गिरगावातच लग्न; सगळं जग महायुद्धात होरपळत होतं तेव्हा मी रेशनच्या रांगेत पिशवी घेऊन उभा होतो. सुमतीला रडवील असं एक पुस्तक मला लिहायचं होतं. एकच. त्यासाठी काय वाटेल ते देईन, असं आपण सगळेच बोलून जातो, तसं मीही मनाशी बोलून गेलो.

दत्ताराम आमच्या छापखान्यात बाइंडिंगला होता. मालवणकडचा, चाळिशीचा, लालबागला एका खोलीत आठ जणांबरोबर राहणारा आणि खानावळीत जेवणारा. पाच वर्षं पलटणीत काढलेली, त्यातली दोन इटलीत. तो परत आला तोवर बायको तापानं गेली होती. कुणाशी बोलायचा नाही, छापील कागद दुमडत राहायचा, आणि छपाईचं ट्रेडल मशीन अचानक खडखडत सुरू झालं की त्याचे दोन्ही हात कागदावर घट्ट दाबले जायचे. या माणसाकडे सगळा माल होता आणि तो त्यावर खुशाल बसून होता, या विचारानं माझा नुसता तिळपापड व्हायचा.

पंचावन्न सालच्या गणपतीनंतर मी त्याला घरी चहाला बोलावलं आणि सरळ विचारलं. त्यानं चहा बशीत ओतून फुंकला.

"माझंच का म्हणून सांगायचं?" तो म्हणाला. "तुमी आपलं कायतरी सांगा, अच्युतराव. घरातलं. मग बघू."

मला हसू आलं. माझ्या घरातलं काय डोंबल सांगणार? पण मासा गळाला लागतोय तर आमिषाला कशाला ना म्हणायचं. मी त्याला माझ्या लहानपणची गच्ची सांगितली: आई मसाल्याच्या मिरच्या वाळत घालायची, कावळे हाकलायला मला बसवायची, मी तिथंच झोपून जायचो आणि संध्याकाळी मिरच्यांबरोबर ती मलाही उचलून खाली आणायची. त्यानं डोळे मिटून ऐकलं. मग त्यानं मला खेचरं सांगितली. चिखलात पोटापर्यंत रुतलेली खेचरं, त्यांच्या पाठीवर जातानाचा दारूगोळा आणि येतानाची प्रेतं, आणि बुटात गोठून काळी पडलेली स्वतःची दोन बोटं.

आता आमच्या धंद्यातली एक रीत सांगायला हवी. प्रूफ तपासायला दोघं लागतात. एक जण मूळ प्रत मोठ्यानं वाचतो, दुसरा छापलेल्या कागदावर नजर ठेवतो आणि जुळलं की "बरोबर" म्हणतो. पान संपलं की मूळ प्रतीवर लाल पेन्सिलीची आडवी रेघ. एकदा बरोबर म्हटलं की तो मजकूर आपल्या हातून गेला. मग चूक निघो नाहीतर आग लागो, तो परत मागायचा नाही. सवयीनं मी घरीही तेच केलं. त्याची हकिकत लिहून काढली, मोठ्यानं वाचली, तो "बरोबर" म्हणाला. त्याला लिहायचा कंटाळा, म्हणून त्यानं माझी गच्ची तोंडानंच परत सांगितली, शब्दाला शब्द, आणि मी हसत हसत "बरोबर" म्हटलं.

मग दर शनिवारी छापखाना सुटला की हा रिवाजच पडला. सुमती चहा करी, कधी त्याला जेवायला थांबवी, "भावजी, अजून थोडं घ्या" म्हणे. तो तिला वैनी म्हणायचा. वही भरत चालली होती आणि मी खुशीत होतो.

पहिली गोष्ट खटकली ती दिवाळीच्या आधी. खेचरांच्या प्रकरणात एक तपशील हवा होता म्हणून मी त्याला छापखान्यात विचारलं, "ती तुझी बोटं कुठल्या पायाची रे?" त्यानं कागदावरून मान वर केली. "कसली बोटं?" म्हणाला. मला वाटलं, थट्टा करतोय. पण त्याच्या कपाळावर एकही आठी नव्हती. मी गुपचूप जागेवर येऊन बसलो आणि लिहिलं, डाव्या पायाची. मला ते ठाऊक होतं. ऑक्टोबरच्या त्या उकाड्यात, पंख्याखाली घाम निथळत असताना, माझ्या डाव्या बुटातली दोन बोटं बधिर झाली होती.

घाबरलो का? छे! हरखलो. लेखकाला आणखी काय हवं? त्यानं न सांगितलेल्या गोष्टीही मला दिसू लागल्या, वास येऊ लागले, आणि लेखणी अशी धावू लागली की बस. दत्ताराम मात्र बदलत होता. ट्रेडल सुरू झालं तरी त्याचे हात हलत नसत. तो गुणगुणायला लागला. "नाय" जाऊन "नाही" आलं, "तुमी"चं "तुम्ही" झालं. एका शनिवारी मी घरी पोचलो तर तो आधीच येऊन बसला होता आणि स्वयंपाकघराच्या दारातून सुमतीला सांगत होता, "भुजण्याला आई मासे, मसाला, सगळं आधी हातानं चोळून घ्यायची, मग चुलीवर." माझी आई. त्यानं तिला कधी पाहिलंही नव्हतं. सुमती मान डोलावत होती, आणि मला मात्र काही केल्या आईचे हात आठवेनात. गच्चीची गोष्ट मी सांगितल्याचं आठवत होतं. घडल्याचं आठवत नव्हतं.

जानेवारीत मुंबई पेटली. संयुक्त महाराष्ट्रासाठी लोक रस्त्यावर उतरले होते, छापखान्यात दिवसभर पत्रकं छापली जात होती. एका दुपारी आम्ही तिघं घरात असताना ठाकुरद्वाराच्या बाजूनं गोळीबाराचा आवाज आला. पुढचं मला नीट आठवत नाही. भानावर आलो तेव्हा मी जमिनीवर पालथा होतो, सुमतीला खाली दाबून धरलं होतं, तिच्या दोन बांगड्या फुटून मनगटातून रक्त येत होतं, आणि मी ओरडत होतो, डोकं खाली, डोकं खाली. दत्ताराम गॅलरीत उभा राहून वाकून बघत होता.

"काय झालं हो त्यांना?" त्यानं विचारलं.

सुमती माझ्या हातातून सुटली. भेदरून तिनं माझ्याकडे पाहिलं आणि उठून गॅलरीत गेली, त्याच्या बाजूला. त्यानं तिच्या मनगटाला आपला रुमाल बांधला. त्या दिवशी त्यानं तिला वैनी म्हटलं नाही. 

आता जळणं उलटं सुरू झालं. इतके दिवस मी त्याच्या लढाईवर जळत होतो; आता त्याच्या हसण्यावर, त्याच्या शांत झोपेवर, सुमती त्याला वाढताना तिच्या चेहऱ्यावर जे येई त्यावर जळू लागलो. फेब्रुवारीत एकदा जिन्यातच मला दोघांचं हसू ऐकू आलं. तो सांगत होता, लग्नानंतर पहिल्यांदा चौपाटीला गेले तेव्हा तिच्या चपलेचा अंगठा तुटला, म्हणून त्यानंही बूट काढून हातात घेतले आणि दोघं अनवाणी ट्राममध्ये बसले, आणि कंडक्टर म्हणाला, देवाला निघालात का.

"अगं बाई, कंडक्टरचं तर मी विसरूनच गेले होते!" सुमती म्हणाली.

हे मीच कधीतरी त्याला सांगितलं होतं, त्याच्या इटलीतल्या एका पुलाच्या हकिकतीच्या बदल्यात. पूल माझ्याकडे होता, त्याखालून वाहत गेलेले सगळे चेहरे होते. ट्राम नव्हती.

त्याच संध्याकाळी मी त्याला जिन्याखाली गाठलं. "माझं मला परत दे," म्हणालो. "तुझं तू घे."

"माझं काय?" तो अगदी प्रामाणिकपणे म्हणाला.

मी वही त्याच्या हातात कोंबली. त्यानं तिथंच उभं राहून दहा पानं वाचली आणि त्याचे डोळे भरून आले. "बिचारा," तो म्हणाला. "कुणाची हो ही हकिकत?" मग त्याचा चेहरा एकाएकी पडला. "यात लवू नाही," तो म्हणाला. "तेवढा एकटा अजून माझ्याकडे आहे. तो मला जेवू देत नाही, अच्युतराव. घ्याल?"

पुस्तकाला शेवट नव्हता. कसं सांगू तुम्हाला! मला ठाऊक होतं काय चाललंय ते. वेडा नव्हतो मी. मागे फिरायची वेळ होती, आणि माझ्या मनात आलं एवढंच, की या शेवटावर सुमती रडेल.

"बदल्यात काय?"

"लग्नाचा दिवस," तो म्हणाला. "आणि तुम्ही तिला पहिल्यांदा पाहिलंत ते. बाकी काही नको."

दुसऱ्या दिवशी, रविवारी, सुमती माहेरी गेलेली असताना आम्ही समोरासमोर बसलो. लवू त्याच्याच गावचा. सुरुंगावर पाय पडला आणि पोट फाटलं. चार तास तो दत्तारामच्या मांडीवर पाणी मागत होता. दत्तारामची बाटली भरलेली होती. पोटाच्या जखमेला पाणी द्यायचं नाही, असा हुकूम होता, आणि दत्तारामनं हुकूम पाळला. लवू शिव्या देऊन थकला, मग त्याला आई म्हणायला लागला, तरी पाळला. सकाळी डॉक्टर आला, म्हणाला, हा कसाही जाणारच होता, दोन घोट द्यायचे होतेस रे. मी लिहिलं, वाचून दाखवलं. "बरोबर," दत्ताराम म्हणाला आणि त्यानं इतका लांब श्वास सोडला की मला त्याचा हेवा वाटला.

मग मी बोललो. तासभर तरी बोललो असेन, मध्ये एकदा उठून खिडकी लावली होती एवढं आठवतं. काय बोललो ते आता माझ्याजवळ नाही. त्यानं सगळं परत सांगितलं, एकही शब्द न चुकता, आणि मी, दुसरं काय करणार, "बरोबर" म्हटलं.

पुढचे दोन महिने पुस्तक छापून होईपर्यंत मी कामात बुडून गेलो. पाणी प्यायला जमेना, घोट तोंडात घेतला की मांडीवर कुणीतरी जड व्हायचं. घरी कधी जात होतो, कधी नव्हतो, नक्की सांगता येणार नाही. एका संध्याकाळी छापखाना सुटल्यावर माझे पाय आपोआप परळच्या दिशेनं वळले, थेट लालबागच्या त्या खानावळीपर्यंत. मी तिथं जन्मात गेलो नव्हतो. वाढप्यानं न विचारता ताट मांडलं. "आज उशीर केलास रे," म्हणाला. मी जेवलो, आणि वर जाऊन कोपऱ्यातल्या रिकाम्या वळकटीवर पडलो. कुणी हरकत घेतली नाही.

पुस्तक वैशाखात आलं. शाई पुरती वाळायच्या आत पहिली प्रत मी उचलली, मुखपृष्ठावरचं नाव दोनदा तपासलं, एकही चूक नव्हती, आणि भर उन्हात घरी निघालो. सुमतीच्या हातात ते ठेवायचं, ती उंबऱ्यावर बसून वाचील, आणि मी बाजूला उभा राहून तिच्या चेहऱ्याकडे बघेन. एवढ्यासाठी तर सगळं केलं होतं. जिना चढलो, कडी वाजवली.

तिनं दार उघडलं. माझ्या हातातलं पुस्तक बघितलं आणि तिचे डोळे तिथल्या तिथे भरून आले. कर्नलाच्या पुस्तकावर आले होते त्याहून जास्त, खूप जास्त.

"ह्यांनी प्रुफं घरी आणली होती," ती म्हणाली. "सगळं वाचलं मी. तो पाण्याचा प्रसंग वाचून दोन दिवस घास उतरला नाही. किती सोसलंत हो, भावजी."

मी पुस्तक तिच्यापुढे धरलं. 

"आत या ना, उन्हातून आलात. बसा," ती म्हणाली. "हे येतीलच इतक्यात."

आणि परक्या पुरुषासमोर बायका घेतात तसा तिनं दोन्ही खांद्यांवरून पदर ओढून घेतला.