मंगळवारचा केसपेपर

राहीबाई पाथर्डीत भंगार गोळा करायची. नवरा कधीच वारला होता, लेक सुरतेला गेला तो तिकडचाच झाला. दर मंगळवारी मात्र ती डोक्यावरचं पोतं सरकारी दवाखान्याच्या फाटकाशी ठेवायची आणि केसपेपर काढून बाकावर बसायची. कधी गुडघा धरलेला, कधी डोकं भणभणतंय, तर कधी नुसतंच 'आतून कसंतरी हुतंय'. डॉक्टर तपासायचे, चार गोळ्या लिहून द्यायचे.

एका मंगळवारी गोळ्या ठेवायला तिनं कमरेची पिशवी उघडली आणि सविता सिस्टरला आत गोळ्यांच्या पाकिटांची चळत दिसली. एकही पाकीट फोडलेलं नव्हतं.

"मावशी, हे काय? गोळ्या खात नाही, मग येता कशाला? इथं आजारी माणसं ताटकळतात!"

राहीबाई म्हणाली, "खरं सांगू का बाई? गावात समदी मला 'ए भंगारवाली' म्हनत्यात. केसपेपर बघून तू तेवढी पुरं नाव घेऊन पुकारतीस. राहीबाई कुंडलिक शिरसाठ. आईकलं की बरं वाटतं. आठवडा निघतो."

सविताचा राग जागीच विरला. सगळी पाकिटं काढून घेत ती म्हणाली, "गुरुवारी या. लहान लेकरांना टोचायचा दिवस असतो. आयांची नुसती तारांबळ उडते, लेकरं धरायला कुणीतरी हवं असतं. केसपेपर काढायचा नाही, सरळ आत यायचं."

गुरुवारी राहीबाई डोक्यावरून न्हाऊन, धुतलेलं लुगडं नेसून आली. सवितानं तिला साबणानं हात धुवायला लावले, बाकावर बसवलं. पण लेकरू कुणी देईना. एकीनं तर आपलं पोर पदराआड ओढून घेतलं. उगीच आले, असं वाटून राहीबाई उठायला लागली.

तेवढ्यात रेश्मा नावाची एक पोरसवदा आई जुळ्या मुली घेऊन आत आली. एकीला सुई टोचली, ती किंचाळली. तिचं ऐकून दुसरीनंही भोकाड पसरलं.

"आजी, धरा ओ हिला!" म्हणत रेश्मानं एक पोर राहीबाईच्या हातात दिलीच.

राहीबाईनं तिला छातीशी धरलं, पाठीवर थोपटत कायबाय पुटपुटली. पोर हुंदके देता देता थांबली, टकामका बघू लागली, आणि बघता बघता तिनं लुगडं ओलं केलं.

"अगं बाई गं!" रेश्मा ओशाळली.

"ऱ्हाऊ दे गं," राहीबाई हसली. "लई वर्सं झाली, कुनी भिजवलं नव्हतं मला. आन ती दुसरी. तिला बी दे हिकडं."