गुणवंत, ऊठ

गुणवंतरावांनी फासा टाकला. तो चटईच्या कडेला जाऊन एकावर टेकला, आणि कागदावर काढलेल्या जंगलात त्यांचा तलवारबाज अस्वलाच्या पंजाखाली कोसळला.

"गेले बाबा," धनराज म्हणाला.

हा खेळ सुनेनं, पुनमनं, कॉलेजात असताना चंद्रपूरच्या होस्टेलात शिकलेला. दर रविवारी ती गोष्ट सांगायची आणि बाकी तिघं आपापलं सोंग घेऊन त्या गोष्टीतून चालायचे. मुलगा धनराज तिरंदाज, बायको मनकर्णा वैदीण. तिनं वैदिणीचं नाव ठेवलं चांदणी. सोंगाला वेगळं नाव द्यायचं असतं हे गुणवंतरावांच्या ध्यानातच आलं नव्हतं. त्यांनी आपलंच नाव सांगून टाकलं, आणि तेच राहिलं.

हा गुणवंत सुरुवातीला कोणासाठी थांबायचा नाही. एकटाच पुढे जायचा, मार खायचा, मग चांदणीनं मुळ्या उगाळून लावायच्या. एकदा मात्र नाल्याच्या काठी तो थांबला आणि म्हणाला, चांदणीले येऊ द्या. नागभीडच्या बाजारात जन्मभर बायकोच्या पुढे चाललेल्या माणसाच्या तोंडून ते ऐकून मनकर्णा हातातल्या शेंगा सोलायची विसरली. तेव्हापासून ती रविवारची वाट पाहू लागली होती.

पुनमनं नियम सांगितला. पडलेल्याला वैदीण उठवू शकते, पण नावानं हाक मारून. नाहीतर गुणवंत संपला.

गुणवंतराव गुडघ्यावर हात टेकून उठू लागले. नवा गडी घडवणं आता आपल्याच्यानं होणार नाही, त्यापेक्षा टीव्ही बरा, म्हणाले.

मनकर्णानं पदर सारखा केला. "धनराजचे बाबा, उठा नं."

"असं नाई चालत, आई. नाव पाह्यजे," पुनम म्हणाली.

"तुले काय होते. तू त्याले दिवसभर धन्या म्हणते. म्या लग्नात घेतलं, तेवढंच."

धनराज खाली मान घालून हसत होता. गुणवंतराव दाराशी पोचले होते.

मनकर्णानं कागदावर आडव्या पडलेल्या तलवारबाजाच्या चिंचोक्याकडे पाहिलं.

"गुणवंत," ती म्हणाली. "ऊठ. चांदणी थांबून हाये."

गुणवंतराव परत आले, मांडी घालून बसले. टेसनावरच्या गाडीची शिटी घरात सगळ्यांआधी त्यांनाच ऐकू यायची. त्यांनी कानामागे हात धरला.

"आयकू नाई आलं," ते म्हणाले.