माळवटाचा पहिला दिवस

रागिणीच्या पत्राला वैजनाथ गुरुजींनी उत्तर दिलं नाही, त्याला चार वर्षं झाली. पत्र ओळीच्या कागदावर होतं, अक्षर वळणदार. अक्षर गुरुजींनीच घोटून घेतलेलं, म्हणून तर जास्त टोचलं. नांदेडला ती दवाखान्यात नर्स होती. तिनं लिहिलं होतं : “गुरुजी, माझ्या लेकीचा जन्म मिनिटासकट कागदावर आहे. माझा एक जून आहे, तो खरा नाही हे तुम्हालाही माहीत आहे. शाळेत नाव घालताना आईनं काहीतरी सांगितलं होतं आणि तुम्ही ते तुमच्या वहीत लिहून घेतलं होतं. आईला आता नीट आठवत नाही. वही असेल तर कळवा.”

वही होती. तेवढंच असतं तर गुरुजींनी त्याच दिवशी कळवलं असतं.

मेंढपाळांच्या वस्तीवरच्या गुरुजींच्या शाळेत जून महिन्यात आया लेकरं घेऊन यायच्या. जन्म कधीचा विचारलं की कुणी म्हणायची, तूर काढत होतो. कुणी म्हणायची, पहाटं बाज उभी होती; आकाशातल्या सात चांदण्यांची बाज. रजिस्टरात अशा गोष्टींना रकाना नव्हता. गुरुजी एक जून लिहून मोकळे व्हायचे. पण मन खायचं, म्हणून बाईचं बोलणं घरच्या वहीत उतरवून ठेवायचे.

त्या वहीतून हळूहळू कल्पनेतला एक देश उभा राहिला. नाव माळवट. तिथल्या दिवसांना आकडे नव्हते, नावं होती. नावाचा अर्धा भाग आकाशातून यायचा, अर्धा माणसाच्या तोंडून : बाजउभी-तूरकाढ, कोरबुडी-लोकरधुणं. ज्या दिवसाबद्दल कुणीच काही बोललं नाही, तो दिवस कुणाच्या वयात धरायचा नाही. शुक्र आठ वर्षांनी त्याच दिवसांत त्याच जागी परततो, म्हणून तिथं वाढदिवस आठ वर्षांनी एकदा. हा वेडेपणा गुरुजींनी आजवर कुणालाही दाखवला नव्हता. आपण ना धड ज्योतिषी, ना धड लेखक, असं त्यांना वाटायचं.

आणि माळवटाचं वर्ष ज्या दिवशी सुरू व्हायचं, तो दिवस रागिणीचा होता; वहीचं पहिलं पानही तिचंच.

तिची आई सिंधूबाई म्हणाली होती, “कुरुंद्याच्या शिवारात मेंढरं बसली व्हती. हळदीच्या कढईखाली जाळ व्हता. शिवरात दोन-तीन दिसांवर. पहाटं शुक्राची चांदणी चंद्राच्या कोरीला टेकली, तव्हा ही झाली.” जुनी पंचांगं काढून गुरुजींनी दोन संध्याकाळी बसून तारीख शोधली होती. रजिस्टर दुरुस्त करायचं तर अर्ज, साक्षी, साहेबांच्या सह्या. गुरुजी भिडस्त, गप्प बसले. पोरीला एक जून दिला आणि तिचा दिवस स्वतःच्या देशाला वापरला. हे कसं कळवायचं?

यंदा डोंगरकडा गावी गुरुजींच्या घरामागच्या वावरात खतासाठी मेंढरं बसली. सकाळी एक गडी घागर घेऊन पाण्याला आला. रागिणीचा थोरला भाऊ, बजरंग.

“गुरुजी, वळखलं का?”

“बजरंगा! किती वाढलास रे.”

“वाढणार न्हाई तर काय. एक जून आला की वाढतोच.” तो हसला. “आमच्या घरात सगळ्यायचा जन्म एक जूनचा. माय म्हणायची, गुरुजीच्या पेनात एकच तारीख हाय, दुसरी उमटतच न्हाई.”

गुरुजी खाली बघत म्हणाले, “माझाही एक जूनच आहे रे.”

“तुमचाबी?” बजरंगनं घागर खाली ठेवली. “मंग तुमाला तर तकलीफ ठाव पाहिजे व्हती.”

गुरुजींनी विचारलं, “सिंधूबाई कशा आहेत?”

“माय गेली की. पोळ्याच्या आधी. रागी लई रडली. म्हणे, आता इचारायला कुणीच न्हाई राहिलं. तिनं तुमाला कागद धाडला व्हता म्हणं. काहून उत्तर न्हाई दिलं?”

“देतो,” गुरुजी म्हणाले.

“चार वर्सं झाली की, गुरुजी. आमची बकरीबी याच्यापेक्षा लवकर हाकंला येते.” घागर खांद्यावर घेऊन तो गेला.

गुरुजी ओसरीवर बसून राहिले. त्या पहाटेची साक्ष आता त्यांच्या ट्रंकेतल्या एका पानावर उरली होती, आणि आपलं तरी वय किती राहिलं? दुपारी त्यांनी पत्र लिहायला घेतलं. पहिल्या कागदावर माफीच माफी झाली. दुसऱ्यावर माळवटाची थोरवी आली. दोन्ही फाडले. तिसऱ्यावर लिहिलं :

“चि. रागिणी, तुझा जन्म २३ फेब्रुवारी १९९८, पहाटे. हिशेब माझा आहे, एखादा दिवस मागेपुढे असू शकेल. हे मला बावीस वर्षांपासून ठाऊक होतं. तुला न विचारता तुझा दिवस मी माझ्या एका खेळात वापरला, त्याची लाज वाटून गप्प राहिलो. सिंधूबाईंचे शब्द जसेच्या तसे सोबतच्या पानावर आहेत. हे पान तुझं.”

नक्कल करून अस्सल आपल्याजवळ ठेवावं, असा मोह झाला. पट्टी लावून त्यांनी वहीचं पहिलं पान कापलं. मागच्या बाजूला माळवटाचा नववर्षदिन रंगवलेला होता. तो तसाच गेला. वही आता दुसऱ्या दिवसापासून सुरू होत होती.

पोस्टातल्या बाईंनी पाकीट तोलून विचारलं, “गुरुजी, साधं की रजिस्टर?”

“रजिस्टर,” गुरुजी म्हणाले. शिक्का बसेपर्यंत ते खिडकीशीच उभे राहिले, आणि पावती घडी करून घरी आले.