तोंगयोंग मावशीचं माहेर

“राओनच्या आई, मावशी हो म्हणाली म्हणून ते खरं धरून चालू नकोस हं. ती आजकाल सगळ्यालाच हो म्हणते.”

योंगनान ताईनं हे मला कडाक्याची थंडी पडायच्या आधीच सांगितलं होतं. तव्यावरचे चपटे, करंजीसारखे सारण भरलेले मांडू उलटता उलटता, माझ्याकडे न बघता. मला वाटलं, ही जळते. तसं वाटायला कारणही होतं. परदेशी पाहुण्यांचा घोळका घेऊन, हातात छोटा झेंडा धरून मी बाजारात शिरायचे, तेव्हा योंगनान ताईच्या तव्यासमोरून आम्ही नुसते पुढे सरकायचो आणि तिला लागून असलेल्या तोंगयोंग मावशीच्या बाकावर बसायचो. कुठे थांबायचं हे मी वाटाडी आहे त्या सहल कंपनीनं ठरवलेलं. पण तव्यामागे उभ्या असलेल्या बाईला कंपनी दिसत नाही, मी दिसते. मी हसून बरं म्हटलं, राओनची टोपी कानांवर ओढली आणि पुढे गेले.

राओन माझी मुलगी, चार वर्षांची. बालवाडी दुपारी सुटते, नवरा उल्सानला जहाजांच्या कारखान्यात, आणि इथे दैगू शहरात आमचं कोणी नाही. म्हणून सफर असली की राओन मावशीच्या दुकानी बसायची. मी भित्री आहे, हे मला माहीत आहे. पहिल्या दिवशीच मी सगळं तपासून घेतलं होतं: उकळतं पातेलं बाकापासून किती लांब आहे, सुरी कुठे ठेवतात, गॅसची नळी जुनी झाली आहे का. प्रत्येक थांब्यावरून मी मान वळवून तिकडे बघत असे. पाहुण्यांना वाटे, ही बाई बोलता बोलता कोणाला शोधते आहे.

मावशीला मात्र माझी ही तपासणी गमतीची वाटली. “नळी बघितलीस, आता माझे दातही बघ,” म्हणाली, आणि तोंड उघडून दाखवलं. बाकाच्या फळीवर तिनं विजेची गरम गादी घातली होती. राओन तिथे पाय पोटाशी घेऊन बसायची आणि मावशी तिला बोटाएवढ्या भाताच्या गुंडाळ्या एकेक करून भरवायची. पाहुणे आले की मावशी त्यांनाही तसंच दटावायची. एका उंच, सडपातळ मुलीला तिनं कोपरानं ढोसून म्हटलं होतं, “खा गं, चालताना हाडं वाजतात तुझी.” मी त्याचं भाषांतर जरा सौम्य करून सांगितलं.

बाकावर सगळे बसले की माझं ठरलेलं निवेदन सुरू व्हायचं. बोटीवर भात खराब होऊ नये म्हणून वाळवलेल्या समुद्रशेवाळाच्या पापुद्र्यात भात नुसताच गुंडाळायचा, आणि तिखट माकूल आणि मुळा वेगळा द्यायचा, ही दक्षिणेकडच्या तोंगयोंग बंदराची पद्धत. मावशीची आई धक्क्यावर कोळ्यांना असे डबे पोचवायची. मावशी लग्न होऊन इकडे आली ती आईची ही पद्धत सोबत घेऊनच. मग मी वळून विचारायचे, “हो ना मावशी?”

“हो तर,” मावशी म्हणायची. “आई पहाटे उठायची. बोटी काय कोणासाठी थांबतात का?”

पाहुणे फोटो काढायचे. हे निवेदन मला कंपनीनं पाठ करायला दिलं होतं, आणि कंपनीला ते बाजारात मिळालं होतं. दुकानावर मोठ्या निळ्या अक्षरांत ‘तोंगयोंग घर’ अशी पाटी होती आणि पाटीखाली मावशी. आमच्या बाजारात बाईला नाव नसतं. जेवू घालणारी ती मावशी, आणि मावश्या अनेक असल्या की पाटी बघून ओळखायचं. नाहीतर मग मुलाच्या नावानं. मी राओनची आई. माझं नाव गळ्यातल्या ओळखपत्रावर होतं, इंग्रजीत, ते बाजारात कोणी वाचत नसे.

आता मागे वळून बघते तेव्हा दिसतं की ती खरंच सगळ्याला हो म्हणत होती. मीठ घातलं का मावशी? हो. मघाशी पैसे दिले ना मी? हो. एकदा तिनं एकाच माणसाला दुसऱ्यांदा ताट भरून दिलं. तो गोंधळला, तर म्हणाली, जवान आहेस, खाशील. सगळे हसले, मीही हसले. तिच्या कोणत्या होकारात धंदा होता, कोणत्यात भीड आणि कोणत्यात आजार, हे मला आजही सांगता येणार नाही.

त्या दिवशी थंडी अशी होती की मासेवाल्यांना बर्फ टाकावा लागत नव्हता. माझ्याबरोबर एक डच जोडपं आणि सिंगापूरच्या तीन शिक्षिका. राओनला बाकावर बसवून मी त्यांना पुढे नेलं, लाल चवळीची लापशी खाऊ घातली, लोणच्यांच्या गल्लीतून फिरवलं. शेवटचा थांबा मावशीकडे असतो, म्हणून परत आलो.

बाकावर राओन एकटी होती. अंगात मावशीचा जांभळा जाड कोट, बाह्या गुडघ्यांपर्यंत लोंबत होत्या. पातेल्याखालची आच बारीक केलेली.

“आजी कुठे आहे?” मी राओनला विचारलं. ती मावशीला आजी म्हणते.

“तिच्या आईकडे गेली. म्हणाली, तू थंडीत बसलीयस, हा घाल.”

मी आधी राओनचे हात उघडून बघितले, मग गाल, मग मान. भाजलेलं, कापलेलं काही नव्हतं. ती अजून काहीतरी सांगत होती, पण माझं लक्ष तिच्या बोटांवर होतं. मग डोक्यात प्रकाश पडला: मावशी कोटाशिवाय गेली आहे.

योंगनान ताई सामान आणायला गेली होती, तिनं काही बघितलेलं नव्हतं. ती स्वच्छतागृहात बघून आली, मी सार्वजनिक न्हाणीघरात, कोणी औषधाच्या दुकानात. बाजार संघटनेचे अध्यक्ष प्यो काका धापा टाकत आले, आणि त्यांच्यामागून एक तरुण पोलिस.

पोलिसानं विचारलं, “नाव काय आजींचं?”

“तोंगयोंग मावशी,” प्यो काका म्हणाले.

“हे नाव झालं का काका?”

“अहो, जन्मभर मावशी म्हणतोय. हाक मारली की ओ देते. अजून काय नाव लागतं माणसाला?”

पोलिसानं आमच्याकडे बघितलं. योंगनान ताईनं ओठ दाबून मान हलवली. कोणालाच माहीत नव्हतं. परवाना आधीच्या मालकिणीच्या नावावर निघाला, आणि मावशी जिथे भाड्यानं राहायची तिथली घरमालकीण मुलीकडे गावाला गेलेली, फोन उचलत नव्हती.

“बरं, माहेर कुठलं? आईकडे जाते म्हणाल्यात ना?”

आम्ही सगळे एकदमच म्हणालो, तोंगयोंग. योंगनान ताईसुद्धा. एवढं एकच आम्हाला ठाऊक होतं, म्हणून ते आम्ही जोरात सांगितलं. मी तर धक्कासुद्धा सांगितला, बोटी सांगितल्या, आई डबे कुठे पोचवायची तेही. पोलिसानं सगळं लिहून घेतलं आणि तो जरा सैलावला. हे बरं झालं, म्हणाला, दिशा तरी कळली. दक्षिणेच्या गाड्या शहराच्या पश्चिमेकडच्या बसस्थानकातून सुटतात. दोन गाड्या तिकडे गेल्या, तोंगयोंगच्या पोलिसांना कळवलं, धक्क्यावर माणसं उभी राहिली. थोड्याच वेळात शहरभर सगळ्यांच्या फोनवर संदेश वाजला: वृद्ध स्त्री, राखाडी स्वेटर, लाल ॲप्रन. नावाच्या जागी काही नव्हतं.

डच बाईनं माझा हात धरून विचारलं की आम्ही काय करू. मी म्हटलं, बाजारात फिरा, बघा. त्या पाचही जणांनी अंधार पडेपर्यंत प्रत्येक गल्ली बघितली. ज्यांची भाषा येत नाही अशा बायकांना ते फोनवरचा मावशीचा फोटो दाखवत होते. मघाशी राओनला बसवताना काढलेला, तोंड भरून हसणारा.

पश्चिमेच्या स्थानकात ती कोणाला दिसली नाही. तोंगयोंगला उतरली नाही. प्यो काका म्हणत राहिले, पोचेल, पाय ओळखतात वाट.

संध्याकाळी घरी राओनला अंघोळ घालत होते. माझं चित्त फोनकडे. ती पाण्यात पेला बुडवून म्हणाली, “आजी मला अळंबी आणणार आहे.”

“कुठून?”

“तिच्या आईकडून. पाइनच्या झाडाखाली असतात. आईला जागा माहितीय, ती कोणाला सांगत नाही.” मग माझ्याकडे रागानं बघून म्हणाली, “मी तुला तिथेच सांगितलं होतं.”

मी साबणाच्या हातानंच फोन लावला. पोलिसाला सांगितलं, अळंबी म्हणाली ती, पाइनखालची.

“समुद्राकाठी पाइनची अळंबी कुठली, बाई?”

“तेच म्हणतेय मी.”

पाइनची अळंबी म्हणजे उत्तरेचे डोंगर. त्यांनी उत्तरेच्या बसस्थानकातलं कॅमेऱ्याचं चित्रण बघितलं. आम्ही तिचं वर्णन देत होतो जवळपास त्याच वेळी, स्वेटर आणि ॲप्रन घातलेली एक म्हातारी, हात काखेत धरून, बोंगह्वाच्या बसमध्ये चढत होती. चढताना चालकानं काही विचारलं असावं. तिनं मान हलवली, हो.

त्यानंतर घरमालकिणीनं फोन उचलला. मावशीचं नाव क्वाक इप्पुन. इप्पुन म्हणजे देखणी, जुन्या काळी खेड्यात मुलींना ठेवत असत ते नाव. जन्म बोंगह्वाच्या डोंगरातल्या एका गावी. तोंगयोंगला ती आयुष्यात कधी गेली होती की नाही कोण जाणे. दुकान चालवायला घेतलं तेव्हा पाटी तशीच राहू दिली, पातेली राहू दिली. पाटीबरोबर नाव आलं, नावाबरोबर माहेर आलं, आणि आम्ही आमच्या परीनं एक आईही चिकटवून दिली. कोणी विचारलं तर हो म्हणायचं, गिऱ्हाईक खूश होतं. पुढे, ‘नाही’ म्हणायला जे आठवावं लागतं, तेच आठवेनासं झालं असेल.

बोंगह्वाचे पोलिस निघाले, पण घाटात बर्फ होतं आणि ती नेमकी कोणत्या वाडीची हे जुन्या नोंदीवरून धड कळेना. सकाळी त्यांना ती सापडली. माहेरच्या घराच्या मागच्या अंगणात, सोयाच्या मोठ्या मातीच्या बरण्या मांडतात त्या दगडी चौथऱ्यावर, दोन बरण्यांच्या मध्ये टेकून बसलेली. एका बरणीचं झाकण काढून खाली ठेवलेलं. बरण्या तिच्या आईच्या होत्या.

बाजारातले आम्ही प्यो काकांच्या माल नेण्याच्या गाडीतून अंत्यविधीला गेलो. वेदीवरच्या फोटोखाली क्वाक इप्पुन असं लिहिलेलं, आणि योंगनान ताई दारातच थबकली. मला कानात म्हणाली, आपण बरोबर ठिकाणी आलोय ना? मग तिनं फोटोकडे बघितलं आणि दोन्ही तळहात तोंडावर दाबून रडली. माझ्याजवळ ती एकदाही म्हणाली नाही की मी तुला सांगितलं होतं.

मावशी सापडली त्या घरात तिची धाकटी बहीण एकटी राहते. मल्सुन. चार मुलींनंतर झाली म्हणून आईबापांनी नाव ठेवलं: शेवटची. तिला कमी ऐकू येतं. आम्ही निघताना तिनं माझी बाही धरली, का माझीच ते माहीत नाही, कदाचित राओन माझ्या कडेवर होती म्हणून.

“मला झाकण वाजलेलं ऐकू आलं होतं,” ती म्हणाली. “मला काही ऐकू येत नाही, पण ते आलं. म्हटलं, मांजर असेल. गादी नुकती गरम झाली होती. उठले नाही.”

मी म्हटलं, आमच्याकडूनच चूक झाली, आम्ही पोलिसांना समुद्राकडे पाठवलं. तिला ते ऐकू गेलं नाही. ती पुन्हा तेच सांगू लागली, मांजर असेल म्हटलं.

आता ‘तोंगयोंग घर’ एका दुसऱ्या बाईनं घेतलं आहे. ती गुमीची आहे, मी तिला पहिल्याच दिवशी विचारलं, नावही विचारलं. पण बाजारानं तिला आठवडाभरात तोंगयोंग मावशी करून टाकलं, आणि तीही ओ देते. मी पाहुण्यांना आता फक्त भात आणि माकुलाबद्दल सांगते. राओनला बालवाडीनंतर शेजारणीकडे ठेवते, आणि तिला एकच गोष्ट तीनदा सांगावी लागू नये म्हणून ती बोलायला लागली की हातातलं काम खाली ठेवते.

मल्सुनकडे मी वसंतात दोनदा जाऊन आले. ती रात्री दार उघडं ठेवून झोपते. कोणी आलं आणि मला ऐकू गेलं नाही तर, असं म्हणते. मी दार लावलं, तिनं माझ्यादेखत परत उघडलं. एकट्या म्हाताऱ्यांची विचारपूस करणारी सरकारी बाई येते ती दुपारी, तेव्हा दार उघडं असलं तर तिला त्यात काही वावगं वाटत नाही. परत थंडी पडायला लागली आहे, घाट लवकरच बंद होईल, आणि राओनला ताप आहे, मला इतक्यात निघता येणार नाही. तुमच्यापैकी कोणी बोंगह्वाच्या बाजूनं जाणार असेल, तर ओढ्यावरचा पूल ओलांडला की शेवटचं घर, निळ्या पत्र्याचं. हाक मारून उपयोग नाही. सरळ आत जा, तिला उठवा, तुम्ही आलात हे तिला दिसू द्या, आणि निघताना दार लावून घेऊ का असं तिला विचारा.