चार वाजताचे ऊन

मित्रांनो, मी कॅमेऱ्याचा एक जुना स्टँड आहे. तीन पाय, तिन्ही दुखरे. उभे राहणे हाच माझा धंदा, त्यामुळे जरा टेकून बोलतो म्हणायचीही सोय नाही.

कारखान्यातून निघालो तो एका फोटोग्राफर बाईंच्या हाती पडलो. त्यांनी मला लग्नांत, शाळांच्या संमेलनांत खांद्यावरून मिरवले. "स्टँड असावा तर असा, जागचा हलत नाही!" असे लोक म्हणत, आणि मी फुगून जाई. आता ते आठवले तरी दमायला होते.

उतारवयात बाईंनी सिनेमा काढायचे मनावर घेतले. त्यात ना माणसे, ना गाणी. रोज चार वाजता खोलीतल्या कोऱ्या भिंतीवर ऊन पडे, त्याचे एक मिनिट चित्रण. बस्स! समोर इमारत चढत होती. विटांचा थर वाढला की ऊन आक्रसे. ते पुरते मिटेपर्यंत बाईंना टिपायचे होते.

त्यांचे यजमान शिंपी. मशीनवरून मान वर न करता चिडवायचे, "अगं, भिंतीचा सिनेमा बघायला भिंतीच येणार का?"

"येऊ देत की. निदान मधेच उठून तरी जाणार नाहीत."

माझ्या पायांभोवती बाईंनी खडूच्या खुणा केल्या होत्या. झाडूसुद्धा लागू देत नसत. पाच महिने मी एका जागी खिळलेला.

"याचा मागचा पाय ढिला झालाय," एकदा यजमान तेलाची बाटली घेऊन आले. "स्क्रू आवळतो, दोन मिनिटांचं काम."

"खबरदार हात लावलात तर! केसभर हलला तरी पाच महिन्यांवर पाणी पडेल."

आवळू द्या हो बाई, असे ओरडावेसे वाटले. पण मला तोंड कुठे आहे?

शेवटच्या दिवशी ऊन मापाच्या टेपाच्या रुंदीएवढे उरले. समोर गवंडी शेवटचा थर रचत होते. बाईंनी बटण दाबले, श्वास रोखला. आणि माझा मागचा पाय खचकन आत गेला. कॅमेरा छताकडे बघू लागला. बाईंनी धडपडत मला सावरले, तोवर भिंतीवरचे ऊन मिटले होते.

त्या मटकन खाली बसल्या. "स्टँडची चूक नाही हो," धावत आलेल्या यजमानांना म्हणाल्या, "माझीच आहे."

यजमानांनी त्याच संध्याकाळी स्क्रू आवळला. आता मी न डगमगता उभा आहे, आणि त्याचीच लाज वाटते. चार वाजले की बाई सवयीने माझ्यापाशी येतात, भिंतीकडे बघतात आणि परत जातात.

मित्रांनो, हात न लावणे म्हणजे जपणे नव्हे. तुमच्या घरी माझ्यासारखा कुणी मुकाट्याने उभा असेल, तर आजच त्याचे पाय तपासा. उद्या ऊन येईलच असे नाही.