पोलीस संरक्षणातली खुर्ची

मी सलूनमधली एक जुनी खुर्ची आहे, मित्रांनो. लोखंडी पाय, लाल रेक्झिन, आणि उजव्या हाताशी शिवण उसवून डोकावणारा काथ्या. नवी होते तेव्हा माझी पाठ मागे झुकायची, मान वर-खाली व्हायची. आता फक्त फिरते, तेही कुरकुरत. वय झालं, दुसरं काय!

ज्या कारागिराने मला आणलं, त्याचं सारं आयुष्य माझ्यापाशी गेलं. तो उभा, बसणारे दुसरेच. घाबरट मुलांना तो माझ्या हातांवर आडवी फळी टाकून बसवायचा आणि कात्री लपवून आधी गप्पा मारायचा. मुलीने त्याचं कसब उचललं. मुलगा कचेरीत लागला. बाप गेला आणि भावाबहिणीचं बिनसलं. भावाला दुकान औषधवाल्याला भाड्याने द्यायचं होतं, बहिणीला ते चालवायचं होतं. त्याने एकदा स्वतःचं कुलूप ठोकलं. एकदा मित्र आणून मला फुटपाथवर काढलं. दिवसभर येणारे-जाणारे माझ्यावर फुकट टेकून गेले. फार वाईट वाटलं.

बहीण कोर्टात गेली. निकाल लागेपर्यंत दुकान तिने चालवावं, भावाने अडथळा आणू नये आणि दारात पोलीस असावा, असा हुकूम झाला. हवालदार आला. माणूस भला, पण दारात गणवेश दिसला की गिऱ्हाईक पलीकडच्या बाजूने जाऊ लागलं. संरक्षण चोख, धंदा बसला. दुकान चालतच नाही, असं भावाचा वकील पुढच्या तारखेला सांगणार होता. ते खरं ठरलं तर दुकान तिच्या हातचं जाणार होतं.

शनिवारी तिघांनी कसाबसा धीर केला आणि ते आत बाकावर बसले. तेवढ्यात भाऊ आला आणि थेट माझ्यावर बसला.

"उठा," हवालदार म्हणाला.

"का? मी गिऱ्हाईक म्हणून आलोय. गिऱ्हाइकाला बंदी आहे का?"

हवालदाराने हुकूम दोनदा वाचला. तशी बंदी नव्हती. शिवाय बापाचा एक नियम होता. अंगावर कापड पडलं की काम पुरं होईपर्यंत त्या माणसाला उठवायचं नाही. भावाला तो ठाऊक होता. त्याने कापड स्वतःच गळ्याशी ओढून घेतलं.

"केस बारीक कर," तो म्हणाला. तिने केले. "अजून बारीक." बाकावरचा एक जण घड्याळ बघून निघून गेला. भाऊ गालात हसला. "अजून."

तिने मशीन ठेवलं, त्याचं डोकं भिजवलं आणि वस्तरा उघडला.

हवालदार घाईने पुढे आला. आता संरक्षण नेमकं कोणाला द्यायचं, हेच त्याला कळेना. भावाची पाठ माझ्या पाठीला ताठ चिकटली होती. तिला राग होता, दुःखही होतं. पण ते हातात उतरलं नाही. कानामागे तर तिने बापासारखं बोट आडवं धरून वस्तरा फिरवला. कुठे ओरखडासुद्धा नाही.

मग तिने कापड काढून झटकलं. "झालं, दादा. आता केस आले की ये."

"चला, साहेब," हवालदार म्हणाला. "कापायला काही उरलं नाही, म्हणजे तुम्ही गिऱ्हाईक नाही. आता बसलात तर अडथळा."

भाऊ डोक्यावरून हात फिरवत उठला. बाकावरच्या दोघांची कामं जेवणाआधी झाली.

पुढची हकिकत हवालदाराने दाढी करून घेताना सांगितली. वकील म्हणाला, दुकानात कोणी येत नाही. न्यायाधीशांनी विचारलं, शेवटचं गिऱ्हाईक कधी आलं होतं? बहीण म्हणाली, "शनिवारी तिघांची कामं केली. त्यातले एक वकीलसाहेबांच्या मागे बसलेत." सगळ्यांनी त्या तुळतुळीत डोक्याकडे पाहिलं. दुकान तूर्त तिच्याकडेच राहिलं.

खटला अजून मिटलेला नाही. मित्रांनो, भांडायचंच असेल तर भांडा, पण ज्या वस्तूवर घर चाललं तिला रस्त्यावर काढू नका. तिला दोन्ही मुलं सारखीच असतात.

भावाचे केस आता कानांवर आलेत, असं हवालदार सांगतो. शनिवारी गर्दी असते, एवढं त्याला कोणीतरी कळवा. इतर वारी मी बहुधा रिकामीच असते.