मुरवलेल्या चहाचं तबक

रोज सकाळी मोहिंग्याच्या शेवयांसाठी माशाचा रस्सा चुलीवर चढवला की न्यानची आई म्या यी न्हाणीच्या दाराशी यायची आणि टकटक करायची.

"न्यान?"

"हं."

थोड्या वेळानं पुन्हा टकटक, पुन्हा "हं." आत पोरगा सुई टोचून घेतोय हे तिला ठाऊक होतं. आवाज आला नाही तर पोरगा गेला, आणि दार उघडायला लावलं तर गल्लीत अब्रू गेली. पावडर मिळाली नाही की तो ऐन उन्हाळ्यात रजईखाली कुडकुडायचा, नाकाडोळ्यांतून पाणी गळायचं. घरातले चमचे गेले, मेलेल्या बापाची सायकल गेली, बहिणीचं शिवणयंत्रही गेलं.

नणंदेनं तोडगा काढला. आधी त्याला विहारात नेऊन थोड्या दिवसांसाठी भिक्खूचं चीवर नेसवलं. तिथं तो कण्हत, ओकत कसाबसा निभावला आणि घरी आल्या दिवशी पुन्हा न्हाणीत शिरला. गल्लीला मात्र त्याचं भादरलेलं डोकं तेवढं दिसलं.

"केस वाढायच्या आत लग्न उरकू, वहिनी. बायको आली की येतो ताळ्यावर."

"आणि नाही आला तर?"

"तर ती बघेल! तू कुठवर दाराशी उभी राहणार?"

आमच्या मंडालेत बायको नावाचं हे औषध घरोघरी चालतं. त्या औषधालाही जीव असतो, हे कुणाच्या गावी नसतं.

मुलीच्या घरी चटई अंथरली होती. मुलीनं, थुझारनं, मुरवलेल्या चहाच्या पानांचं तबक पुढे ठेवलं. मागावर बसून बसून तिची बोटं रेशमाच्या रंगानं जांभळी झाली होती. दोन्हीकडच्यांनी त्यातला घास उचलला की शब्द पक्का.

"मुलाला व्यसनबिसन नाही ना?" थुझारच्या आईनं रीत म्हणून विचारलं.

"छे हो! आत्ताच तर चीवर उतरवून आलाय," नणंद म्हणाली. "घे ना गं वहिनी."

म्या यीनं हात पुढे केला. ती जांभळी बोटं न्हाणीच्या दारावर टकटक करताना तिला दिसली. तिनं तबक मागे सारलं.

"माझा न्यान सुई घेतो. आज सकाळीही घेतली. लेकीला आमच्याकडे देऊ नका."

"जीभ झडो तुझी!" नणंद किंचाळली.

थुझारच्या आईनं लेकीला मागे ओढलं. तिच्या आडूनच थुझारनं विचारलं, "मावशी, मग त्यांचं काय करणार?"

"सरकारी दवाखान्यात रोज औषध पाजतात म्हणे. लाजेपायी कधी नेलंच नाही. आता नेईन, भर बाजारातून, हाताला धरून."

ती घरी पोचण्याआधी बातमी पोचली होती. शेजारणींनी खिडक्या लावून घेतल्या. न्हाणीचं दार बंदच होतं.

"न्यान?"

"हं."

"दार उघड, बाळा. आता कुणापासून लपवायचंय?"

आतली कडी निघाली नाही. थुझारला जन्मभर जिथं उभं करायचं घाटत होतं, तिथंच म्या यी उभी राहिली आणि तिनं पुन्हा टकटक केली.